क्रिस्टिन स्कॉट टॉमसविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ही नेमकी कोण? मी तिला कुठे पाहिलंय?

या अभिनेत्रीला बहुतेकांनी पाहिलेलं असतं, फक्त नाव लक्षात राहिलेलं नसतं. 'फोर वेडिंग्ज अँड अ फ्युनरल' (1994) मध्ये ह्यू ग्रँटच्या चार्ल्सवर कित्येक वर्षं मनातल्या मनात प्रेम करणारी फिओना म्हणजे ती. 'द इंग्लिश पेशंट' (1996) मधली कॅथरीन क्लिफ्टन तीच. त्याच वर्षीच्या पहिल्या 'मिशन: इम्पॉसिबल'मध्ये प्रागच्या कामगिरीवर सुरुवातीलाच मारली जाणारी टॉम क्रूझची सहकारीही तीच. आणि 2022 पासून सुरू असलेल्या 'स्लो हॉर्सेस' या मालिकेत ब्रिटिश गुप्तचर खात्याचा एक मजला आपल्या नजरेच्या धाकात ठेवणारी डायना टॅव्हर्नर हीसुद्धा क्रिस्टिनच.

ही झाली तिची इंग्रजीतली ओळख. तिची अर्धी कारकीर्द फ्रेंचमध्ये आहे, आणि माझ्या मते तिचं सर्वांत खोल काम तिथेच आहे.

ती इंग्लिश आहे की फ्रेंच?

जन्माने इंग्लिश. 24 मे 1960 रोजी कॉर्नवॉलमधल्या रेडरुथ या गावी तिचा जन्म झाला आणि बालपण डॉर्सेटमध्ये गेलं. एकोणिसाव्या वर्षी ती पॅरिसला गेली. तिथेच ती अभिनय शिकली, तिथेच संसार केला, मुलं वाढवली. पुढची चाळीसेक वर्षं तिचं घर पॅरिसच होतं.

त्यामुळे दोन्ही देश तिला आपली मानतात आणि दोन्ही देशांना ती थोडी परकीही वाटते. फ्रेंच पत्रकार तिच्याबद्दल लिहिताना तिचं इंग्लिश असणं विसरत नाहीत. इंग्लंडमध्ये तिच्या वागण्यात पॅरिसची झाक शोधली जाते. या परकेपणाचाच तिने अभिनयात उपयोग करून घेतला. तो कसा, हे पुढच्या उत्तरांमध्ये येईलच.

ती पॅरिसला गेली कशासाठी?

मुलं सांभाळायच्या कामासाठी. एखाद्या कुटुंबात राहायचं, त्यांची लहान मुलं सांभाळायची आणि भाषा शिकायची, अशी सोय युरोपात तरुण मुलींसाठी असते. ती तशी गेली.

त्याआधी लंडनच्या एका नाट्यशाळेत ती नाट्यशिक्षिका होण्याचा अभ्यासक्रम करत होती. तिला अभिनयाच्या वर्गात जायचं होतं. तिच्यात नटी होण्याइतकं काही नाही, असं तिला तिथे सांगण्यात आलं. पॅरिसमध्ये ती ज्या घरी राहत होती तिथून तिला प्रोत्साहन मिळालं आणि तिने तिथल्या राष्ट्रीय नाट्यशाळेत प्रवेश घेतला. ही संस्था तेव्हा पॅरिसच्या र्‍यू ब्लांश या रस्त्यावर होती. आता ती लियोंला आहे.

हा तपशील मला फार महत्त्वाचा वाटतो. इंग्रजीत नाव कमावून मग हौसेने फ्रेंच चित्रपटांत पाहुणी म्हणून जाणारे नट बरेच आहेत. क्रिस्टिनचं तसं नाही. रंगमंचावर उभं कसं राहायचं, श्वास कुठे घ्यायचा, वाक्याचा भार कुठे टाकायचा, हे सगळं तिने मुळात फ्रेंचमध्ये शिकलं. व्यावसायिक नटी म्हणून तिची पहिली भाषा फ्रेंच आहे.

बालपणाबद्दल वाचलं की मन विषण्ण होतं. ते खरं आहे का?

हो. तिचे वडील रॉयल नेव्हीत वैमानिक होते. 1964 मध्ये विमान अपघातात ते गेले, तेव्हा ती जेमतेम चार वर्षांची होती. आईने दुसरं लग्न केलं, तेही नेव्हीतल्या वैमानिकाशीच. सहा वर्षांनी तेही तशाच अपघातात गेले. क्रिस्टिन भावंडांमध्ये सर्वांत मोठी. पडद्यावरचा तिचा संयम या दुःखातून आला, असं लिहायचा मोह होतो, पण नटाच्या कलेचा उगम इतका सरळ सांगता येत नसतो. तिने स्वतः या अनुभवावर चित्रपट केला आहे, त्याविषयी शेवटी.

तिचा पहिला चित्रपट गायक प्रिन्सबरोबर होता, हे खरं?

खरं. 'अंडर द चेरी मून' (1986). दक्षिण फ्रान्समधल्या नीस शहरात चित्रीकरण झालेला कृष्णधवल चित्रपट, दिग्दर्शक आणि नायक दोन्ही प्रिन्स. समीक्षकांनी तो झोडपला आणि क्रिस्टिनला वाईट कामासाठी दिल्या जाणाऱ्या रॅझी पुरस्कारांची दोन नामांकनं मिळाली. दोनच वर्षांनी 'अ हँडफुल ऑफ डस्ट' (1988) आला आणि इंग्लंडने तिची गांभीर्याने दखल घेतली.

मग इंग्रजीत एवढं यश मिळूनही ती तिथेच का थांबली नाही?

यशाचा आलेख पाहिला तर हा प्रश्न पडणं साहजिक आहे. 'फोर वेडिंग्ज'साठी सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा, म्हणजे ब्रिटनचा मोठा चित्रपट पुरस्कार. 'द इंग्लिश पेशंट'साठी ऑस्करचं मुख्य अभिनेत्रीचं नामांकन. पाठोपाठ रॉबर्ट रेडफर्डबरोबर 'द हॉर्स व्हिस्परर' (1998) आणि हॅरिसन फोर्डबरोबर 'रँडम हार्ट्स' (1999). याहून मोठी दारं उघडायची राहतात कुठे?

पण भूमिका पाहा. 'अ हँडफुल ऑफ डस्ट'मधली जमीनदाराची कंटाळलेली बायको. 'बिटर मून'मधली सुसंस्कृत, ताठ इंग्लिश पत्नी. फिओना उच्चभ्रू. कॅथरीन उच्चभ्रू. रॉबर्ट ऑल्टमनच्या 'गॉसफर्ड पार्क' (2001) मधली लेडी सिल्व्हिया तर हवेलीची मालकीणच. कामं उत्तम आहेत, काही तर अविस्मरणीय. फिओना चार्ल्सला आपलं प्रेम सांगते तो प्रसंग पाहा: आवाज चढत नाही, डोळे भरत नाहीत, बोलणं हलक्या गप्पांच्या सुरात चालू राहतं, आणि पाहणाऱ्याच्या घशात मात्र आवंढा येतो. पण ही बाई पडद्यावर आली की कपडे, घर, कुटुंब, शाळा सगळं आधीच ठरलेलं असे.

याचं कारण तिचं बोलणं. इंग्लिश कानाला माणसाच्या पहिल्या वाक्यातच त्याचा वर्ग ऐकू येतो. क्रिस्टिनचे इंग्रजी उच्चार वरच्या वर्गाचे, बांधा सडपातळ, मान उंच. इंग्रजी सिनेमाने हे तीन गुण पाहिले आणि त्यांच्या पलीकडे जायचे कष्ट फारसे घेतले नाहीत.

फ्रान्समध्ये असं वेगळं काय मिळालं?

माझ्या मते या सगळ्या कारकिर्दीचा गाभा इथे आहे.

ती फ्रेंच उत्तम बोलते, अगदी सहज, वेगात, विनोदासकट. तरी उच्चारात परकेपणाचा एक बारीक धागा उरतो. फ्रेंच प्रेक्षकाला त्या धाग्यावरून इतकंच कळतं की ही बाई मूळची इथली नाही. ती वरच्या वर्गातली की खालच्या, कोणत्या शाळेतली, कोणाची मुलगी, यातलं काहीही त्याला ऐकू येत नाही. इंग्रजीत जो उच्चार तिला हवेलीत कोंडून ठेवतो, तो फ्रेंचमध्ये अस्तित्वातच नाही. वर्गाचं ओझं उतरलं आणि तिच्या पुढ्यात कुठलीही बाई होण्याची शक्यता आली.

मग ती काय काय झाली पाहा. गियोम कानेच्या 'टेल नो वन' (2006) मध्ये नायकाच्या बहिणीची जोडीदार, त्याची खंबीर मैत्रीण. कॅथरीन कोर्सिनीच्या 'लीव्हिंग' (2009) मध्ये नीम शहरातली फिजिओथेरपिस्ट, डॉक्टर नवरा आणि भरलं घर सोडून एका स्पॅनिश मजुरामागे जाणारी. 'लव्ह क्राइम' (2010) मध्ये हाताखालच्या मुलीला खेळवणारी कंपनीतली वरिष्ठ. फ्रांस्वा ओझोंच्या 'इन द हाऊस' (2012) मध्ये कलादालन चालवणारी, वैतागलेली, मिश्कील शिक्षकपत्नी. 'लीव्हिंग'मधली सुझान हातात पैसा नाही म्हणून पेट्रोल पंपावर घड्याळ विकायला निघते, तेव्हा हीच का ती लेडी सिल्व्हिया, असा प्रश्न मनात आल्याशिवाय राहत नाही.

पण पन्नाशीच्या आसपासच्या अभिनेत्रीला फ्रान्समध्येच मुख्य भूमिका का मिळतात? तिथले लोक जास्त समंजस आहेत म्हणून?

समंजसपणापेक्षा पैशाची व्यवस्था वेगळी आहे म्हणून. फ्रान्समध्ये सिनेमाच्या प्रत्येक तिकिटावर 10.72 टक्के खास कर असतो. तो 1946 साली स्थापन झालेल्या सरकारी राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे जातो आणि तिथून चित्रपटनिर्मितीला मदत मिळते. टीव्ही वाहिन्यांकडूनही पैसा येतो. अमेरिकन सुपरहिरो पाहायला गेलेल्या प्रेक्षकाच्या तिकिटातूनही 'आय हॅव लव्ह्ड यू सो लाँग'सारख्या, नॅन्सी शहरातल्या दोन बहिणींच्या गोष्टीला हातभार लागतो. त्यामुळे मध्यम खर्चाचे, मोठ्या माणसांच्या आयुष्याबद्दलचे चित्रपट तिथे दरवर्षी बनत राहतात, आणि अशा चित्रपटांना पन्नाशीची नायिका लागतेच.

नटांसाठीही वेगळी सोय आहे. बारा महिन्यांत 507 तास काम भरलं की कलावंत आणि तंत्रज्ञांना दोन कामांच्या मधल्या काळात बेकारीभत्ता मिळू शकतो. क्रिस्टिनसारख्या तारकेला त्याची गरज नसेल, पण तिच्यासमोर उभे राहणारे दुय्यम नट, रंगमंचावरचे तिचे सोबती, कॅमेऱ्यामागची माणसं याच व्यवस्थेवर या व्यवसायात टिकून राहतात. चांगली नटी चांगल्या कंपूत अधिक चांगली दिसते, हे सांगायला नकोच.

सगळे 'आय हॅव लव्ह्ड यू सो लाँग'चंच नाव घेतात. त्यात एवढं काय आहे?

कथेचा थोडा भाग इथे येणार आहे. पाहायचा राहिला असेल तर हे उत्तर सोडून पुढे जा.

2008 चा हा चित्रपट. दिग्दर्शक फिलिप क्लोदेल हा मुळात कादंबरीकार, आणि दिग्दर्शक म्हणून हा त्याचा पहिलाच चित्रपट. पंधरा वर्षांची शिक्षा भोगून ज्युलिएट तुरुंगातून सुटते आणि धाकट्या बहिणीच्या घरी नॅन्सीला राहायला येते. तिने स्वतःच्या सहा वर्षांच्या मुलाला मारलेलं असतं. ती पूर्वी डॉक्टर होती. आईवडिलांनी धाकटीला शिकवलेलं असतं की तुला बहीण नाहीच.

पहिल्याच दृश्यात ज्युलिएट विमानतळावर बहिणीची वाट पाहत बसली आहे. चेहऱ्यावर रंगरंगोटी नाही, त्वचा राखाडी, हातात सिगारेट. कॅमेरा तिच्याकडे नुसता पाहत राहतो. ही बाई कुणाकडूनच कशाची अपेक्षा करत नाही, हे एकही वाक्य न बोलता कळतं. पुढचा बराच वेळ ती फार कमी बोलते. प्रश्न विचारला की आधी शांतता, मग दोन शब्द. क्रिस्टिनने इंग्रजीत कमावलेलं सगळं, ती तल्लख, धारदार वाक्यफेक, तिने इथे बाजूला ठेवून दिलं आहे.

आणि एक प्रसंग. दोघींची आई इंग्लिश आहे, अल्झायमर्सने ग्रासलेली, शुश्रूषागृहात राहते. ज्युलिएट तिला भेटायला जाते. आईने तिला केव्हाच आयुष्यातून पुसून टाकलेलं. पण रोगाने ते पुसणंही पुसलं गेलंय, आणि क्षणभर म्हातारी तिला ओळखते, तिच्याशी इंग्रजीत बोलते, जणू ही शाळेतून घरी आलेली मुलगी आहे. तोवर आपण तासभर हिला फ्रेंचमध्येच पाहिलेलं असतं. तिच्या तोंडी इंग्रजी येताच चेहरा सैल पडतो, वय उतरतं. दोन्ही भाषा अंगात मुरलेल्या नटीशिवाय हा प्रसंग उभा राहिलाच नसता. अनेक दशकांचं पॅरिस आणि त्याआधीचं डॉर्सेट त्या मिनिटभरात कामी आलं आहे.

तिच्या फ्रेंच भूमिकांना नेहमी इंग्लिश पार्श्वभूमी का जोडतात?

नेहमी नाही, पण बऱ्याचदा. 'आय हॅव लव्ह्ड यू सो लाँग'मधल्या ज्युलिएटची आई इंग्लिश, 'लीव्हिंग'मधली सुझान मूळची इंग्लिश, 'साराज की' (2010) मधली ज्युलिया पॅरिसमध्ये राहणारी अमेरिकन पत्रकार. उच्चारातल्या त्या बारीक धाग्याचं स्पष्टीकरण पटकथेत देऊन टाकायचं, हा सोपा मार्ग. चांगले दिग्दर्शक तेवढ्यावर थांबत नाहीत. लग्न करून परदेशात स्थायिक झालेल्या सुझानला संकटात धावून येणारं माहेर जवळ नाही, स्वतःचं बँक खातं नाही. नवरा कात्रीत पकडतो तेव्हा तिचं परदेशी असणं कथेचाच भाग होतं.

फ्रेंच येत नाही. उपशीर्षकं वाचत तिचा अभिनय कळेल का?

नक्की कळेल. इंग्रजीत ती वाक्याच्या शेवटी दार लावून घेते. फ्रेंचमध्ये वाक्याचा शेवट किंचित उघडा राहतो आणि हात जास्त बोलतात. आवाजही थोडा खालच्या पट्टीत जातो. हे ऐकायला शब्दांचे अर्थ लागत नाहीत.

रंगभूमीवर ती कोणत्या भाषेत काम करते?

दोन्ही. 2001 मध्ये तिने फ्रेंच नाटककार रासीनच्या 'बेरेनिस'मध्ये शीर्षकभूमिका केली. सतराव्या शतकातलं हे नाटक, प्रत्येक ओळ बारा अक्षरावयवांची. ज्यांची मातृभाषा फ्रेंच आहे त्यांनाही हे छंद पेलताना घाम फुटतो. एका इंग्लिश बाईने ते पॅरिसच्या प्रेक्षकांपुढे करणं हे धाडस होतं. लंडनच्या व्यावसायिक रंगभूमीवर ती त्यानंतर, 2003 मध्ये, चेखॉव्हच्या 'थ्री सिस्टर्स'मधून आली. म्हणजे फ्रेंच अभिजात नाटक आधी आणि मायभूमीचा रंगमंच नंतर. 2007 मध्ये लंडनच्या रॉयल कोर्ट नाट्यगृहात चेखॉव्हच्याच 'द सीगल'मध्ये तिने आर्कादिना ही नटी साकारली, त्यासाठी तिला ऑलिव्हिए हा ब्रिटिश रंगभूमीचा मोठा पुरस्कार मिळाला आणि पुढच्या वर्षी ते नाटक ब्रॉडवेलाही गेलं.

पुरस्कार कोणते?

ब्रिटनने 2003 मध्ये ओबीई हा सन्मान आणि 2015 मध्ये 'डेम' हा किताब दिला. फ्रान्सने 2005 मध्ये लेजियों द'ऑनर हा राष्ट्रीय सन्मान. ज्युलिएटसाठी 2008 चा युरोपियन फिल्म पुरस्कार.

फ्रान्सचा सर्वोच्च चित्रपट पुरस्कार सेझार. त्यासाठी 2009, 2010 आणि 2011 अशी लागोपाठ तीन वर्षं तिला मुख्य अभिनेत्रीचं नामांकन मिळालं, आणि तिन्ही वेळा पुरस्कार दुसरीला गेला. ज्युलिएटच्या वेळी तरी तो तिला मिळायला हवा होता, हे माझं ठाम मत आहे.

ऑस्कर का नाही मिळालं?

1997 च्या सोहळ्यात 'द इंग्लिश पेशंट'ला 12 नामांकनं आणि 9 पुरस्कार मिळाले; मुख्य अभिनेत्रीचा पुरस्कार मात्र 'फार्गो'साठी फ्रान्सिस मॅकडॉरमंडला गेला. 'द इंग्लिश पेशंट'साठीच सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर ज्युलिएट बिनोशला मिळालं. फ्रान्सची बिनोश इंग्रजीत काम करून ऑस्कर घेऊन गेली, आणि इंग्लंडची क्रिस्टिन पुढे फ्रेंचमध्ये स्वतःला सापडली. दोघींच्या पात्रांच्या कथा वेगवेगळ्या काळात घडतात, त्यामुळे चित्रपटात त्या समोरासमोर येत नाहीत.

फ्रेंच यशाचा इंग्रजी भूमिकांवर काही परिणाम झाला का?

झाला, आणि तो स्पष्ट दिसतो. 'नोव्हेअर बॉय' (2009) मध्ये तिने जॉन लेननला वाढवणारी लिव्हरपूलची मावशी मिमी केली: शिस्तीची, काटकसरी, उपनगरातल्या नीटनेटक्या घरातली. 1996 साली ही भूमिका तिला कुणी देऊ केली असती असं मला वाटत नाही. 'ओन्ली गॉड फर्गिव्ह्ज' (2013) मध्ये ती सोनेरी केसांची, शिवराळ अमेरिकन गुन्हेगार आई आहे. 2019 मध्ये 'फ्लीबॅग' या ब्रिटिश मालिकेच्या दुसऱ्या पर्वात एका भागापुरती येऊन तिने स्त्रीचं शरीर, वेदना आणि रजोनिवृत्ती यांवर जे स्वगत केलं, ते हजारो बायकांनी एकमेकींना पाठवलं.

मध्यंतरी तिने चित्रपट सोडल्याचं ऐकलं होतं.

2014 च्या सुमारास चित्रपटांचा कंटाळा आल्याचं तिने उघडपणे सांगितलं आणि रंगभूमीकडे वळली. पण 'डार्केस्ट अवर' (2017) मध्ये ती चर्चिलची पत्नी क्लेमेंटाइन म्हणून परतली. समोर गॅरी ओल्डमन. 'स्लो हॉर्सेस'मध्ये पुन्हा तीच जोडी समोरासमोर आहे. तिथे ती वरिष्ठ आणि तो अडगळीत टाकलेला, गबाळा हेर.

दिग्दर्शन केलं आहे का?

एक चित्रपट. 2023 मध्ये टोरांटो महोत्सवात 'नॉर्थ स्टार' या नावाने दाखवला गेला, पुढे 'माय मदर्स वेडिंग' या नावाने प्रदर्शित झाला. आईच्या तिसऱ्या लग्नासाठी जमलेल्या तीन बहिणी. लहानपणी त्यांनी वडील आणि सावत्र वडील दोघेही गमावलेले, दोघेही नेव्हीतले वैमानिक. आईची भूमिका क्रिस्टिनने स्वतः केली आहे. एका मुलीच्या भूमिकेत स्कार्लेट जोहान्सन आहे, जी 'द हॉर्स व्हिस्परर'मध्ये आणि 'द अदर बोलिन गर्ल' (2008) मध्येही तिची मुलगी होती. फ्रान्सने घडवलेल्या नटीने दिग्दर्शनासाठी मात्र बालपणाची भाषा निवडली, हे मला लक्षणीय वाटतं.

सुरुवात कुठून करू?

आधी 'फोर वेडिंग्ज', कारण तो बहुधा तुम्ही पाहिलेलाच आहे. या वेळी लक्ष फक्त फिओनाकडे ठेवा. मग थेट 'आय हॅव लव्ह्ड यू सो लाँग'. दोन्हींत चौदा वर्षांचं अंतर आहे, पण लागोपाठ पाहिल्यावरच दोन देशांनी एकाच बाईत काय काय पाहिलं ते लक्षात येतं. नंतर 'लीव्हिंग', आणि मन जड झालं असेल तर 'इन द हाऊस'. मालिका आवडत असतील तर 'स्लो हॉर्सेस' शेवटी ठेवा. फ्रेंच चित्रपट पाहताना आधी ध्वनीची सेटिंग तपासा: डब केलेली आवृत्ती आपोआप लागली असेल तर मूळ फ्रेंच ध्वनी निवडून उपशीर्षकं लावा, नाहीतर शुश्रूषागृहातल्या त्या प्रसंगात नेमकं काय बदललं हेच कळणार नाही.